सही झाली, पुढे काय?

मुलाखत संपली की दिग्दर्शक 'कट' म्हणतो आणि कॅमेरा बंद होतो. ध्वनिमुद्रकाचं यंत्र मात्र बऱ्याचदा आणखी अर्धा-एक मिनिट चालूच राहतं. संकलकाच्या हाती मग चित्र नसलेला, नुसत्या आवाजाचा एक तुकडा येतो. खुर्ची सरकते, कुणीतरी पाणी आणून देतं, लेपल माइक काढताना कपड्याला घासतो. मी माहितीपटांचं संकलन करते. काही वर्षांपूर्वी अशाच एका तुकड्यात एका बाईंचा आवाज ऐकू आला. कामावरच्या अपघातात त्यांचा मुलगा गेला होता. दोन तास त्या बोलल्या होत्या, रडून थांबल्या होत्या, पुन्हा बोलल्या होत्या. माइक काढता काढता त्यांनी विचारलं, "आता हे कुणाकुणाला दाखवणार तुम्ही?" दिग्दर्शकाने काहीतरी उत्तर दिलं, ते नीट ऐकू येत नाही. संमतीपत्रावर त्यांची सही मुलाखतीच्या आधीच झालेली होती.

मृत्यू, हिंसा, तुरुंग, मनोरुग्णालय, लैंगिक अत्याचार अशा अवघड विषयांवर काम करणाऱ्या माहितीपटकाराची कारकीर्द आपण महोत्सव, पुरस्कार आणि प्रेक्षकसंख्या यांवर मोजतो. ज्या माणसाच्या आयुष्यातल्या सर्वांत वाईट दिवसावर चित्रपट उभा राहिला, त्याचं पुढे काय झालं, हे त्या मोजमापात कुठेच येत नाही. ते आलं पाहिजे असं माझं म्हणणं आहे. दिग्दर्शक भला माणूस आहे की नाही यावर ही गोष्ट सोडून चालणार नाही. पैसा देणाऱ्या संस्थांनी, वाहिन्यांनी, महोत्सवांनी ती करारात, अंदाजपत्रकात आणि वेळापत्रकात बसवली पाहिजे.

आधी त्या सहीचं बघू. माहितीपटाच्या धंद्यात ज्याला रिलीज फॉर्म म्हणतात, त्यातली भाषा वाचली तर अंगावर येते. सर्व माध्यमांत, आज असलेल्या आणि पुढे निघणाऱ्या तंत्रांतही, कायमस्वरूपी, जगभर. कित्येक फॉर्मांत तर 'संपूर्ण विश्वात' असं लिहिलेलं असतं. हा कागद वकिलांनी लिहिलेला असतो आणि उद्या कुणी कोर्टात गेलं तर निर्मात्याला झळ लागू नये, एवढंच त्याचं काम असतं. तो असल्याशिवाय विमा मिळत नाही आणि वाहिनी चित्रपट घेत नाही. म्हणजे तो चित्रपटाचं रक्षण करतो. सही करणाऱ्या माणसाचं त्यात काहीच नसतं.

शिवाय ती सही कधी घेतली जाते? नुकतंच कुणी गेलेलं असतं, नुकतीच सुटका झालेली असते, खटला चालू असतो. समोर दोन-चार जण अदबीने बसलेले असतात, कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच कुणीतरी आपलं नीट ऐकून घेतंय असं वाटत असतं. अशा वेळी 'नाही' म्हणायला फार बळ लागतं. आणि खरी गोम तर पुढेच आहे. सही करणारी बाई ज्या चित्रपटाला संमती देते, तो त्या क्षणी अस्तित्वातच नसतो. माहितीपट संकलनाच्या टेबलावर घडतो. शंभर तासांच्या रशेसमधून, म्हणजे कच्च्या चित्रीकरणातून, दीड तास निघतो, आणि तिचं कोणतं वाक्य कोणाच्या चेहऱ्याला लागून येणार हे मलाही शेवटच्या महिन्यापर्यंत ठाऊक नसतं. ज्याचं रूप दिग्दर्शकालाच माहीत नाही, त्याला तिने दिलेली संमती किती खरी मानायची?

यावर 'मग असे चित्रपट करूच नयेत का' असं विचारणारे नेहमी भेटतात. करावेत. करायलाच हवेत. फक्त संमती एकदा न घेता पुन्हा पुन्हा घ्यावी. निशा पाहुजा यांच्या २०२२ सालच्या 'टू किल अ टायगर'मध्ये झारखंडमधल्या एका बापाची लढाई आहे. त्याच्या तेरा वर्षांच्या मुलीवर सामूहिक बलात्कार झाला आणि गावाने तडजोड करायला सांगितलं असताना तो न्यायालयात उभा राहिला. मुलीचा चेहरा दाखवायचा नाही असाच आधी विचार होता. चित्रपट पुरा व्हायला वर्षं गेली, ती अठरा वर्षांची झाली. तिने तो पाहिला आणि आपला चेहरा लपवू नका असं स्वतः सांगितलं. तिने उलट सांगितलं असतं तर? तर चेहरा झाकलेलाच राहिला असता आणि चित्रपट कमी झाला नसता. तिला वाढायला वेळ मिळाला आणि निर्णय तिच्यासाठी थांबून राहिला, म्हणून ती संमती मला खरी वाटते.

पण या धंद्याला थांबणं परवडत नाही. अवघड विषयावर काम करू पाहणाऱ्या नव्या दिग्दर्शकाला पैसे उभे करायचे तर पिचिंगला जावं लागतं. टेबलापलीकडे वाहिन्यांचे आणि फंडांचे लोक बसलेले असतात, हातात मोजून काही मिनिटं असतात आणि त्यातली दोन-तीन टीझरसाठी, म्हणजे चित्रपटाच्या छोट्या झलकेसाठी. टीझरमध्ये काय घालायचं हा प्रश्न मला अनेकदा पडला आहे आणि उत्तर प्रत्येक वेळी तेच आलं आहे: ज्या क्षणी माणूस कोसळतो तो क्षण. चित्रपट अजून झालेला नाही, त्या माणसाला टीझर म्हणजे काय हेही सांगितलेलं नाही, आणि त्याचं कोसळणं परक्या शहरातल्या एका सभागृहात 'आमच्याकडे असा अ‍ॅक्सेस आहे' याचा पुरावा म्हणून चालतं. अ‍ॅक्सेस हा या क्षेत्रातला सगळ्यांत मोलाचा शब्द झाला आहे. एखाद्या घराचं दार तुमच्यासाठी उघडलं ही तुमची मिळकत ठरते आणि तिच्यावर पुढचा चित्रपट उभा राहतो. मी स्वतः असे टीझर कापले आहेत. आता कापायच्या आधी विचारते, त्या माणसाला हे माहीत आहे का. दोनदा 'नाही' असं उत्तर आलं. दोन्ही वेळा तो क्षण बाहेर काढला. एकदा पैसे मिळाले, एकदा नाही.

आपल्या भाषेत आपण किती सहज म्हणतो, 'विषय चांगला मिळाला'. तो विषय म्हणजे बहुतेक वेळा कुणीतरी जिवंत माणूस असतो. हल्ली कित्येक माहितीपटकार 'विषय' न म्हणता 'सहभागी' म्हणतात. शब्द बदलून सगळं बदलत नाही, पण सहभागी म्हटलं की निदान त्याचा सहभाग कुठवर, हा प्रश्न विचारावा लागतो.

मात्र पुन्हा पुन्हा संमती घेण्याचा हा नियम सरसकट लावला तर अनर्थ होईल, आणि त्याचा धडा जुना आहे. फ्रेडरिक वाइजमन यांनी १९६६ साली अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात, ब्रिजवॉटरच्या मनोरुग्ण कैद्यांच्या सरकारी संस्थेत चित्रीकरण केलं. 'टिटिकट फॉलीज' पुढच्या वर्षी आला. त्यात एका कैद्याच्या नाकातून नळी घालून त्याला जबरदस्तीने अन्न दिलं जातं. डॉक्टर ते ओततो आहे आणि त्याच्या तोंडातल्या सिगारेटची राख त्या नरसाळ्यावर लोंबते आहे. राख पडेल, आता पडेल, असं बघणाऱ्याला वाटत राहतं. मध्येच त्याच कैद्याच्या प्रेताची दाढी करतानाची दृश्यं येतात. जिवंतपणी कुणी केली नसेल इतक्या निगुतीने. राज्य सरकार न्यायालयात गेलं ते कैद्यांच्या खासगीपणाचा भंग झाला म्हणून. ज्यांना सरकारनेच उघडं-नागडं कोठडीत ठेवलं होतं त्यांच्या लज्जेची काळजी सरकारला चित्रपट झाल्यावर वाटली. १९६८ साली न्यायाधीशाने प्रती नष्ट करण्याचा आदेश दिला. वरच्या न्यायालयाने पुढच्या वर्षी डॉक्टर, वकील, समाजसेवक, विद्यार्थी अशांपुरतीच मुभा ठेवली. सर्वांसाठी तो खुला झाला १९९१ साली.

खासगीपणाचं नाव पुढे करून सत्ता स्वतःला कशी झाकते याचं याहून ढळढळीत उदाहरण मला माहीत नाही. पण त्याच चित्रपटातली ती माणसं संमती देण्याच्या स्थितीत होती का, हा प्रश्न सरकारने खोटेपणाने विचारला म्हणून खोटा ठरत नाही. कुणाला तेवढी समज आहे हे ठरवणारेही संस्थेचेच लोक होते. हा चित्रपट झाला नसता तर आपलं मोठं नुकसान झालं असतं असं मी मानते, आणि तो बघताना त्या माणसांकडे बघायचा हक्क मला कुणी दिला असंही प्रत्येक वेळी वाटतं. यातलं एक वाटणं खोडून दुसरं ठेवणं मला जमलेलं नाही.

म्हणून मला वाटतं की नियम माणसाच्या हातातली सत्ता पाहून लावायला हवा. ज्याच्याकडे सत्ता आहे त्याला कट, म्हणजे संकलित चित्रपट, आधी बघायचा, वाक्य काढून घ्यायचा हक्क नको. क्लोद लान्झमान यांनी नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावरच्या 'शोआ'साठी ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत काम केलेल्या एका नाझी अधिकाऱ्याला नाव उघड न करण्याचं वचन दिलं, ते मोडलं आणि छुप्या कॅमेऱ्याने त्याला टिपलं. मला त्याबद्दल तक्रार नाही. जोशुआ ओपनहायमर यांनी इंडोनेशियातल्या १९६५-६६ च्या हत्याकांडातल्या मारेकऱ्यांना त्यांच्याच बढाया मारू दिल्या, तेव्हाही नाही. ओपनहायमर यांच्या कामात मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते श्रेयनामावलीत. २०१२ च्या 'द अ‍ॅक्ट ऑफ किलिंग'च्या शेवटी नावांच्या जागी एकाखाली एक 'अनामिक', 'अनामिक' असं येत राहतं. एक सहदिग्दर्शकही अनामिक. मारेकरी मोकळे होते आणि त्यांना मानाचं स्थान होतं, म्हणून तिथल्या सहकाऱ्यांनी आपलं श्रेय सोडलं. पुढच्या, २०१४ च्या चित्रपटात मारल्या गेलेल्या एका माणसाचा भाऊ मारेकऱ्यांना समोरासमोर प्रश्न विचारतो. त्याचं कुटुंब देशाच्या दुसऱ्या भागात हलवलं गेलं. प्रीमियरच्या तयारीइतकीच ही तयारीही चित्रपटाचा भाग होती.

'शोआ'चं नाव निघालं की एक दृश्य हमखास पुढे केलं जातं. अब्राहम बोंबा हा ट्रेब्लिंकामधून वाचलेला न्हावी. गॅस चेंबरमध्ये जाणाऱ्या बायकांचे केस त्याला कापावे लागत. लान्झमान त्याला इस्राएलमधल्या एका केशकर्तनालयात उभा करतात. त्याच्या हातात कात्री आहे, समोर खुर्चीत एक गिऱ्हाईक आहे. कात्री चालत असते, तो सपाट आवाजात सांगत असतो. मग एका सहकारी न्हाव्याची बायको आणि बहीण आत आल्या, इथे तो थांबतो. ओठ घट्ट मिटतो, टॉवेलने तोंड पुसतो. नको म्हणतो. लान्झमान म्हणतात, तुला बोलावंच लागेल. आणि बऱ्याच वेळाने तो बोलतो.

नवीन दिग्दर्शक मला सांगतात, बघा, इतकं रेटल्याशिवाय सत्य बाहेर येत नाही. मी त्यांना विचारते, लान्झमान यांनी या एका चित्रपटाला अकरा वर्षं दिली, तुम्ही किती दिली? बोंबा साक्षीदार म्हणून उभा राहायला तयार झाला होता, त्याआधी त्या दोघांची भेट झाली होती, बोलणं झालं होतं. 'तुला बोलावंच लागेल' हे त्या नात्याच्या जोरावर म्हटलेलं होतं. तरीही ते दृश्य बघताना काही जण उठून जातात आणि मला त्यांची चूक वाटत नाही. सकाळी ओळख झालेल्या माणसाला दुपारी रडवून संध्याकाळच्या गाडीने निघून जाणाऱ्याने लान्झमान यांचा दाखला देऊ नये.

वेळेचा प्रश्न मला सगळ्यांत मोठा वाटतो तो यामुळेच. १९६४ साली ब्रिटनमधल्या ग्रॅनाडा टेलिव्हिजनने सात वर्षांच्या १४ मुलांवर एक कार्यक्रम केला. मुलं निवडणाऱ्यांत मायकल अ‍ॅप्टेड नावाचा एक तरुण होता. पुढे दर सात वर्षांनी तो त्यांच्याकडे जात राहिला. त्याने केलेला शेवटचा भाग २०१९ साली आला, तेव्हा ती मुलं ६३ वर्षांची झाली होती आणि २०२१ च्या सुरुवातीला अ‍ॅप्टेड वारले. सात वर्षांच्या मुलाने कसली संमती दिली असणार! मोठेपणी काहींनी ती काढून घेतली. एकजण अठ्ठाविसाव्या वर्षी थॅचर सरकारवर बोलला, टॅब्लॉइड वृत्तपत्रं त्याच्यावर तुटून पडली आणि तो बाहेर पडला. परतला तो छप्पन्नाव्या वर्षी. आणखी एक स्वतः माहितीपट क्षेत्रात गेला आणि एकविसाव्या वर्षानंतर पुन्हा कधी कॅमेऱ्यासमोर आला नाही. या गोष्टीवर मी खूप विचार केला आहे. कॅमेऱ्यामागे काय चालतं हे ज्याला ठाऊक होतं, त्यानेच समोर बसायचं नाकारलं.

याच मालिकेत एकोणपन्नासाव्या वर्षी एक बाई अ‍ॅप्टेडना कॅमेऱ्यासमोरच धारेवर धरते. तुम्ही मला तुमच्या मनातल्या चौकटीत बसवता, असा तिचा रोख. अ‍ॅप्टेडनी तो प्रसंग चित्रपटात ठेवला. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ सालच्या 'बॉम्बे: अवर सिटी'तही झोपडपट्टीतली एक बाई दिग्दर्शकावरच उखडते. तुम्ही आमचे फोटो काढून नाव कमावणार, आमच्या हाती काय, असं तिचं म्हणणं. पटवर्धन यांनीही ते ठेवलं. संकलक म्हणून सांगते, असं दृश्य कापणं सर्वांत सोपं असतं. दोन क्लिप जवळ ओढल्या की आरोप नाहीसा होतो आणि कुणाला कळतही नाही. तो ठेवला की प्रेक्षक उरलेला चित्रपट वेगळ्या नजरेने बघतो. त्याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे गायले होते. १९९७ साली रमाबाई नगरातल्या गोळीबारात दहा जण मारले गेले, त्यानंतर घोगरे यांनी आत्महत्या केली, आणि पटवर्धन तिथून पुढे चौदा वर्षं 'जय भीम कॉम्रेड'वर काम करत राहिले. आपल्या जुन्या चित्रपटात गायलेल्या माणसाच्या मरणाकडे असं परत जाणं आणि तिथे चौदा वर्षं राहणं, याला मी कारकीर्द म्हणेन.

पैशाबद्दल थोडक्यात. सहभागी माणसाला पैसे दिले तर साक्ष विकत घेतल्यासारखं होतं, असा जुना दंडक आहे. त्यात तथ्य आहे. पण सेटवरच्या ड्रायव्हरपासून माझ्यापर्यंत सगळ्यांना पैसे मिळतात आणि ज्याच्यावाचून चित्रपटच नाही त्याला मात्र तत्त्व मिळतं, हेही बरोबर नाही. 'हूप ड्रीम्स'च्या दिग्दर्शकांनी शिकागोमधल्या दोन बास्केटबॉलवेड्या मुलांच्या कुटुंबांसोबत पाच वर्षं घालवली. एका घराची वीज कापली गेली तेव्हा त्यांनी ती जोडून घ्यायला पैसे दिले, आणि १९९४ साली चित्रपट चालल्यावर कमाईत कुटुंबांना वाटा दिला. शब्दांचे पैसे नकोत. दिलेल्या वेळेचे हवेत आणि नफ्यात हिस्सा हवा, आणि हे आधी लिहून ठेवलेलं हवं.

उपकार केला म्हणून हा प्रश्न मिटतो असंही नाही. एरल मॉरिस यांच्या 'द थिन ब्लू लाइन'मुळे रँडल अ‍ॅडम्स हा निर्दोष माणूस १९८९ साली बारा वर्षांच्या तुरुंगवासातून सुटला. माहितीपटाने एखाद्याचं याहून मोठं भलं काय करावं? सुटल्यावर अ‍ॅडम्सने मॉरिस यांच्यावरच दावा लावला, आपल्या आयुष्याच्या कहाणीचे हक्क आपल्याला परत हवेत म्हणून. प्रकरण तडजोडीने मिटलं आणि हक्क त्याला मिळाले. पुष्कळांनी त्याला कृतघ्न म्हटलं. मला तो कळतो. राज्याने त्याचं आयुष्य काढून घेतलं होतं, आणि बाहेर येऊन बघतो तर त्या आयुष्याची गोष्टही एका कागदावर दुसऱ्याच्या नावाने होती.

आज हे सगळं जास्त टोकदार झालं आहे, कारण चित्रपट पूर्वीसारखा महोत्सव आणि ग्रंथालयांत राहत नाही. स्ट्रीमिंगवर तो एकाच दिवशी १९० देशांत आणि शेजाऱ्याच्या फोनवरही पोचतो. दहा सेकंदांची क्लिप कापून कुणीही फिरवतं. प्रदर्शनानंतरचे सहा महिने सहभागी माणसाला सर्वांत जड जातात, आणि नेमक्या त्याच काळात टीम पांगलेली असते, पैसे संपलेले असतात, दिग्दर्शक पुढच्या पिचच्या मागे असतो. बहुतेक अंदाजपत्रकांत रंगदुरुस्तीला रक्कम असते, पोस्टरला असते. समुपदेशकाला, वकिलाला, वर्षभरानंतर परत जाऊन भेटायच्या प्रवासाला रकाना नसतो. पैसा देणाऱ्या संस्थेने अर्जातच हा रकाना ठेवावा आणि तो रिकामा असेल तर अर्ज परत पाठवावा. सहभागी माणसाने अंतिम कट पाहिला का, हे महोत्सवांनी प्रवेशिकेत विचारावं. याने कला मरत नाही. वेळापत्रक मात्र लांबतं, आणि ते लांबायलाच हवं.

त्या मुलगा गेलेल्या बाईंकडे दिग्दर्शक रफ कट, म्हणजे चित्रपटाचा कच्चा आराखडा, घेऊन परत गेला. मीही सोबत गेले. लॅपटॉप टेबलावर ठेवला. आम्हाला धास्ती होती ती त्यांच्या रडण्याची. तीन मिनिटांचं, न कापलेलं ते रडणं त्या काढायला सांगतील म्हणून मी दुसरा पर्यायही कापून नेला होता. त्यांनी ते शांतपणे पाहिलं, काही बोलल्या नाहीत. पुढे एका ठिकाणी हात वर करून थांबवायला सांगितलं. तिथे त्या सुनेबद्दल रागाच्या भरात एक वाक्य बोलून गेल्या होत्या, चारेक सेकंदांचं. महिनाभर मी ते दृश्य रोज बघत होते, मला त्यात कधी काही खटकलं नव्हतं. "एवढं काढाल का?" त्या म्हणाल्या. "तिला अजून माझ्याचजवळ राहायचंय."